दत्तक नामंजूर

आमच्या वस्तीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर मागच्या महिन्यात एक फोटो आला. सतरा वर्षांची मुलगी, काळी जर्सी, खांद्यावर रॅकेटची बॅग. न्यूझीलंडच्या कनिष्ठ बॅडमिंटन संघाच्या सराव शिबिरासाठी तिची निवड झाली होती. फोटो टाकला होता तिच्या आजोबांनी. ते त्रिमूर्तीनगरात आमच्या मागच्या गल्लीत राहतात. ही मुलगी अकरा वर्षांची होईपर्यंत माझ्या मुलीबरोबर एकाच कोर्टवर खेळायची. मग वडिलांना ऑकलंडला नोकरी लागली आणि सगळं घर तिकडे गेलं. फोटोखाली आधी पाच-सहा अभिनंदनं आली, फुलं आली. मग एकाने लिहिलं, ‘‘शिकली इथं आणि खेळणार तिकडून. उद्या भारताच्या पोरीसमोर उभी राहिली तर टाळ्या कोणासाठी वाजवायच्या?’’ त्याखाली दुसऱ्याने एकच शब्द टाकला: गद्दार. रात्री आजोबांनी फोटो काढून टाकला.

दुसऱ्या दिवशी सकाळी दूध घ्यायला आले तेव्हा ते भेटले. मी काही बोलायच्या आत म्हणाले, ‘‘पोट्टी खेळून राहिली नं, बस झालं. लोकाइचं काय घेऊन बसता!’’ पण चेहरा उतरलेला होता.

नागपूरच्या उन्हाळ्यात पिसांचं शटल कोरडं पडतं. चार स्मॅश बसले की पिसं तडकू लागतात. म्हणून आदल्या रात्री डब्याची दोन्ही झाकणं काढायची, चहाच्या भांड्यात पाणी उकळायचं आणि डबा वर धरून आतून जराशी वाफ जाऊ द्यायची. फार नाही, नाहीतर शटल जड होतं. मग झाकणं लावून रात्रभर ठेवायचं. हे आजोबा मे महिन्यात हे रोज करायचे. पहाटे साडेपाचच्या बॅचला नातीला स्कूटरवर घेऊन यायचे, डिकीतून तो डबा काढायचे आणि आमच्या मुलीलाही त्यातलं एक शटल द्यायचे. त्या माणसाच्या नातीला गद्दार म्हणताना टाइप करणाऱ्याचा अंगठा क्षणभरही अडला नसेल, हे मला सहन होत नाही.

माझं म्हणणं सरळ आहे. जो खेळाडू दुसऱ्या देशात राहतो, तिथे घडतो, तिथे आयुष्य मांडतो आणि मग त्या देशाकडून खेळतो, त्याने कोणाचीही माफी मागायची गरज नाही. प्रश्न विचारायचाच असेल तर तो दोन देशांना विचारावा. ज्याच्या हातून खेळाडू गेला त्याला, आणि ज्याने त्याला घेतलं त्याला.

अशा देशासाठी आपल्याकडे ‘दत्तक’ असा शब्द वापरतात. हा शब्द नागपूरकरांनी तरी जपून वापरायला हवा. ११ डिसेंबर १८५३ ला रघुजी भोसले तिसरे गेले. त्यांना मुलगा नव्हता. राणीवशाने घेतलेला दत्तक लॉर्ड डलहौसीने मानला नाही, आणि १८५४ मध्ये नागपूरचं राज्य खालसा झालं. राजवाड्यातल्या चीजवस्तूंचा लिलाव झाला. वारस कोण, हे घरच्यांनी ठरवलं होतं. बाहेरच्याने कागदावर बोट ठेवून सांगितलं की रक्ताचा नाही, म्हणून तो तुमचा नाही. या शहरात तो अन्याय आजही अन्याय म्हणूनच सांगितला जातो. दत्तकविधानात देणारा असतो, घेणारा असतो आणि मध्ये एक मूल असतं. खेळाडूच्या बाबतीत मात्र देणाऱ्याला आणि घेणाऱ्याला सोडून आपण मुलालाच पिंजऱ्यात उभं करतो.

बेवेन झांगची कारकीर्द बघा. तिचा जन्म १९९० चा, चीनमधल्या लियाओनिंग प्रांतातल्या आनशानचा. तेराव्या वर्षाच्या सुमारास ती सिंगापूरला आली. सिंगापूर हा छोटा देश. बाहेरचे गुणी खेळाडू आणून त्यांना आपलं करण्याची तिथे सरकारी योजनाच होती, आणि टेबल टेनिस, बॅडमिंटनमध्ये त्यातून पुष्कळ चिनी मुलं-मुली आली. बेवेन सिंगापूरकडून खेळली, वाढली, आणि विशीच्या सुरुवातीला तिचं तिथलं नातं तुटलं. मग ती अमेरिकेत गेली. अमेरिकेत बॅडमिंटन म्हणजे घरामागच्या हिरवळीवरचा खेळ. संघटनेकडे पैसा नाही, सोबत प्रशिक्षक नाही, फिजिओ नाही. तिकीट स्वतः काढायचं, हॉटेल स्वतः बघायचं, कोर्टच्या कडेला प्रशिक्षकाची खुर्ची रिकामीच ठेवून खेळायचं. प्रवासासाठी तिने लोकांकडून इंटरनेटवर वर्गणीही मागितली.

ही बाई २०१८ च्या फेब्रुवारीत दिल्लीत इंडिया ओपनच्या अंतिम सामन्यात पोहोचली. समोर पी. व्ही. सिंधू. सिरी फोर्टचं स्टेडियम सिंधूच्या नावाने गरजत होतं, आणि आम्ही घरी टीव्हीसमोर बसलो होतो. २१-१८, ११-२१, २२-२०. बेवेन जिंकली. तेव्हा मला सिंधू हरल्याचं इतकं वाईट वाटलं की पलीकडे कोण उभं आहे हे मी नीट पाहिलंही नाही. त्या मुलीच्या जर्सीवर अमेरिकेचं नाव होतं, आणि अमेरिकेचा पासपोर्ट तेव्हा तिच्या हातात नव्हता! तो नव्हता म्हणून २०१६ चं रिओ ऑलिम्पिक तिला घरी बसून पाहावं लागलं होतं. बॅडमिंटनच्या जागतिक स्पर्धांमध्ये तुम्ही कोणत्या संघटनेचे आहात ते चालतं. ऑलिम्पिकला नागरिकत्वच लागतं. ते तिला २०२१ मध्ये मिळालं, टोकियोच्या तोंडावर. टोकियोत ती बाद फेरीत पोहोचली आणि चीनच्या हे बिंगजियाओविरुद्ध खेळताना तिच्या टाचेचा स्नायुबंध फाटला. अकिलीस. ज्यांनी हा खेळ खेळला आहे त्यांना माहीत आहे, तिशी ओलांडलेल्या खेळाडूला ही दुखापत झाली की लोक निरोपाची भाषणं लिहायला घेतात. ती परत आली. चौतिसाव्या वर्षी पॅरिसला अमेरिकेकडूनच उतरली.

या बाईने कोणाला फसवलं? चीनने तिला तेराव्या वर्षी जाऊ दिलं. त्यांच्याकडे तिच्यासारख्या कितीतरी होत्या. सिंगापूरने घेतलं आणि राखलं नाही. अमेरिकेने नाव दिलं, खर्च तिनेच केला. तीन देशांपैकी एकानेही तिच्यासाठी जे केलं नाही ते ती अमेरिकेसाठी वर्षानुवर्षं करत राहिली. निष्ठेचं माप लावायचं तर ते आधी त्या तीन देशांना लावा.

सगळ्यांचंच असं झालं नाही. टोनी गुनावानला अमेरिकेने जवळ केलं, आणि त्याने अमेरिकेला जे दिलं ते त्याआधी कोणीच दिलं नव्हतं. इंडोनेशियातल्या सुराबायाचा हा माणूस दुहेरीतला जादूगार. २००० च्या सिडनी ऑलिम्पिकमध्ये त्याने चंद्रा विजयाच्या जोडीने इंडोनेशियाला सुवर्णपदक मिळवून दिलं. २००१ मध्ये हलीम हर्यांतोबरोबर विश्वविजेता झाला, तोही इंडोनेशियाकडूनच. मग तो अमेरिकेत गेला. २००५ ची जागतिक स्पर्धा कॅलिफोर्नियातल्या अनाहाइमला होती. तिथे तो हॉवर्ड बाखबरोबर खेळला. हा बाखही जन्माने व्हिएतनामचा. अंतिम सामन्यात नेटच्या पलीकडे होता चंद्रा विजया, सिडनीचा त्याचा जोडीदार, सिगित बुदियार्तोला घेऊन. तीन गेम झाले आणि गुनावान-बाख जिंकले. बॅडमिंटनच्या या जागतिक स्पर्धेतलं अमेरिकेचं हे पहिलं विजेतेपद, आणि ते मिळवून देणारे दोघेही जन्माने आशियातले.

त्या सामन्यात चंद्रा विजयाला कसं वाटलं असेल याचा मी पुष्कळ विचार केला आहे. दुहेरीचा जोडीदार म्हणजे साधी गोष्ट नाही. तुमच्या पाठीमागे तो कुठे आहे हे न बघता कळावं लागतं. त्या माणसाला तुमची प्रत्येक खोड माहीत, तुम्हाला त्याची. तो समोरून खेळू लागला तर आत काहीतरी तुटणारच. हे दुःख खरं आहे आणि मी ते हसण्यावारी नेत नाही. माणूस गेला की मागच्यांना दुखतं. पण दुखणं वेगळं आणि आरोप वेगळा. आमच्या ग्रुपवरच्या माणसाला दुखलं असतं तर त्याने लिहिलं असतं, ‘आपल्याकडून खेळली असती तर किती बरं झालं असतं.’ तेवढं लिहिलं असतं तर आजोबांनी फोटो ठेवला असता.

मिया औदिनाची गोष्ट मी मुद्दाम बायकांच्या घोळक्यात सांगतो, कारण ती त्यांना पहिल्या वाक्यात कळते. १९९४ च्या उबेर कपचा, म्हणजे बायकांच्या जागतिक सांघिक स्पर्धेचा, अंतिम सामना जकार्तात होता, इंडोनेशिया विरुद्ध चीन. दोन-दोन अशी बरोबरी झाली आणि निर्णायक सामन्याला चौदा वर्षांची मिया उतरली. तिने झांग निंगला हरवलं आणि अख्खा देश तिच्या प्रेमात पडला. १९९६ च्या अटलांटा ऑलिम्पिकला तिने इंडोनेशियाला रौप्य मिळवून दिलं. मग तिने मूळच्या सुरीनामच्या एका डच गायकाशी लग्न केलं आणि ती नेदरलँड्सला गेली. २००४ मध्ये अथेन्सला ऑलिम्पिकच्या अंतिम सामन्यात पुन्हा मिया आणि पुन्हा झांग निंग. दहा वर्षांनी त्याच दोघी. या वेळी झांग निंग जिंकली. मियाला दुसरं रौप्य मिळालं, नेदरलँड्सचं. दोन वर्षांनी नेदरलँड्सचा संघ उबेर कपच्या अंतिम सामन्यापर्यंत गेला, त्यात तिचा मोठा वाटा होता.

आपल्याकडे मुलीला लग्नाच्या मांडवातच बजावतात, आता सासर हेच तुझं घर. आडनाव बदलायचं, देव बदलायचे, भाजीला फोडणी कशी द्यायची तेही बदलायचं, आणि हे सगळं एका रात्रीत. माहेरची ओढ जास्त दाखवली तर तिला नावं ठेवतात. तोच समाज खेळाडू मुलीला मात्र म्हणतो, जन्मली तिथलीच राहा. कर्णाला राधेय म्हणताना आपले आवाज भरून येतात, कारण वाढवणाऱ्या आईचा मान त्याने कुंतीसमोरही सोडला नाही. ते मोठेपण पुराणात चालतं, आणि गल्लीतल्या पोरीने काळी जर्सी घातली की खुपतं.

आता समोरच्यांचा सगळ्यात जड मुद्दा. ‘देशाने खर्च केला, फायदा दुसऱ्याने घेतला.’ यात तथ्य असलेली उदाहरणं आहेत. चीनमध्ये सरकार लहानपणी मुलं निवडतं, ठेवतं, शिकवतं. तिथून घडलेला खेळाडू बाहेर गेला तर त्या देशाला तसं वाटू शकतं. पण नागपुरात? इथे पिसांच्या चांगल्या शटलच्या एका डब्याला हजाराच्या वर पडतात, आणि मन लावून खेळणारी दोन मुलं तो डबा आठवड्यातच संपवतात. कोर्टची फी, बूट, दर दोन आठवड्यांनी तुटणारी रॅकेटची जाळी, म्हणजे गटिंग, स्पर्धेला जायचं तर आई किंवा वडील कोणीतरी रजा टाकणार, रेल्वेचं तिकीट, धर्मशाळेची खोली. हे सगळं घर करतं. देश येतो फार उशिरा, मूल पदकाजवळ पोहोचल्यावर. माझ्या मुलीच्या बॅचमधली बारा मुलं मी मोजून सांगू शकतो, ज्यांच्यावर सरकारचा एक रुपया खर्च झालेला नाही. त्या अकरा वर्षांच्या पोरीवर इथे काही खर्च झाला असेल तर तो तिच्या आईवडिलांचा आणि आजोबांच्या गॅसचा.

शहराकडूनही मुलांना पुरेसं मिळत नाही. मालविका बनसोड आपली, नागपूरची. जानेवारी २०२२ मध्ये तिने इंडिया ओपनमध्ये सायना नेहवालला २१-१७, २१-९ असं हरवलं तेव्हा आम्ही इथे पेढे वाटले. पण मालविकाचा खेळ घडला रायपूरला. मुलीचा खेळ व्हावा म्हणून घराची विभागणी होते, एक पालक इथे, एक तिथे, हे नागपुरातल्या कितीतरी घरांना माहीत आहे. रायपूर दुसऱ्या राज्यात आहे म्हणून कोणी तिला बोल लावला नाही, लावू पण नये. घडते एकीकडे आणि खेळते एकीकडून, हे आपण रोज मान्य करतो. मध्ये राज्याची सीमा असली की चालतं आणि समुद्र आला की गळा काढतो.

८ नोव्हेंबर २०१७ ला मी मुलीला घेऊन मानकापूरच्या विभागीय क्रीडा संकुलात होतो. राष्ट्रीय वरिष्ठ स्पर्धेचे अंतिम सामने. एच. एस. प्रणॉयने किदम्बी श्रीकांतला हरवलं, आणि सायनाने सिंधूला, २१-१७, २७-२५. तो दुसरा गेम ज्यांनी तिथे बसून पाहिला ते जन्मभर विसरणार नाहीत. सव्वीस-पंचवीस झालं तेव्हा माझी मुलगी माझं मनगट नखांनी धरून बसली होती. सगळं स्टेडियम दोघींच्या नावाने ओरडत होतं. सायनाचा जन्म हरियाणातल्या हिसारचा. वडिलांच्या नोकरीमुळे घर हैदराबादला आलं आणि ती तिथे घडली. म्हणजे तिचंही तेच, वडिलांची नोकरी आणि मुलीचा खेळ. हिसारने हैदराबादवर दावा लावला नाही. मानकापूरला त्या रात्री कोणाच्या मनात हा प्रश्नही आला नाही.

आणि क्रिकेटच्या बाबतीत तर नागपूरने या प्रश्नाचं उत्तर कधीच देऊन ठेवलं आहे. विदर्भाला रणजी करंडक साठ वर्षांत मिळाला नव्हता. २०१७-१८ मध्ये मिळाला, पुढच्या वर्षी पुन्हा मिळाला. त्या संघात वसीम जाफर होता, मुंबईचा. प्रशिक्षक चंद्रकांत पंडित, तेही मुंबईचे. चाळिशीतल्या जाफरने २०१८-१९ च्या मोसमात हजारावर धावा काढल्या, आणि त्याआधी इराणी करंडकात इथल्याच जामठ्याच्या मैदानावर २८६. पानठेल्यावर लोक म्हणायचे, ‘‘आपला जाफर.’’ आपला! मुंबईवाल्यांनी त्याला गद्दार म्हटलं असतं तर आपण भांडायला उठलो असतो.

त्याच जामठ्यावर २०२४-२५ चा रणजीचा अंतिम सामना झाला, विदर्भ विरुद्ध केरळ. विदर्भाकडून कर्नाटकच्या करुण नायरने ८६ आणि १३५ केल्या. आणि केरळकडून कोण? आदित्य सरवटे. आपला सरवटे. २०१८-१९ च्या अंतिम सामन्यात ज्याने याच मैदानावर अकरा बळी घेऊन विदर्भाला करंडक मिळवून दिला, दोन्ही डावांत पुजाराला बाद केलं, तो आता समोरच्या संघात होता. पहिल्या डावात तो ७९ धावा करून गेला. पहिल्या डावातल्या आघाडीवर आपण जिंकलो. सरवटे खेळत होता तेव्हा स्टँडमध्ये आमच्या मागे बसलेला एक माणूस दर चौकाराला चरफडायचा आणि दर चौकाराला टाळीही वाजवायचा. ग्रुपवर ज्याने विचारलं, टाळ्या कोणासाठी वाजवायच्या, त्याला मी हाच माणूस दाखवीन. दोघांसाठी वाजवता येतात. हात तेच असतात.

कोणी म्हणेल, राज्य वेगळं, देश वेगळा. आहेच. देशाची जर्सी राज्याच्या जर्सीपेक्षा जड असते आणि असावी. म्हणूनच काही अटी हव्यात, आणि त्या आहेत. ऑलिम्पिक सनदेप्रमाणे एका देशाकडून खेळलेल्याला दुसऱ्याकडून खेळण्याआधी साधारण तीन वर्षं थांबावं लागतं. खेळाडूच्या आयुष्यातली तीन वर्षं म्हणजे किती, हे गुडघे सांगतात. ही किंमत मला रास्त वाटते. बाजार मला मान्य नाही. केनियाचा स्टीफन चेरोनो २००३ मध्ये कतारचा सैफ सईद शाहीन झाला आणि काही आठवड्यांत कतारकडून स्टीपलचेसचा, म्हणजे अडथळ्यांच्या लांब शर्यतीचा, विश्वविजेता ठरला. ॲथलेटिक्समध्ये हे इतकं वाढलं की २०१७ मध्ये जागतिक संघटनेला देशबदल गोठवावे लागले आणि पुढच्या वर्षी कडक नियम करूनच ते पुन्हा सुरू झाले. तिथेही माझा राग धावणाऱ्या गरीब पोरावर निघत नाही. ज्यांनी नाव बदलून माणूस आयात केला त्यांच्यावर निघतो. फरक ओळखायला अवघड नाही. तो त्या देशात राहतो का? तिथे त्याचं घर आहे का? सामना संपल्यावर तो कुठे परत जातो? ऑकलंडला शाळेत जाणारी, तिथल्या क्लबमध्ये रोज घाम गाळणारी मुलगी आणि पदकापुरता आणलेला धावपटू यांना एकाच शब्दाने हिणवणं म्हणजे डोळे मिटून बोलणं आहे.

देश मात्र स्वतःच्या चुका मोजत नाहीत. बॅडमिंटनमध्ये याचं सगळ्यात मोठं उदाहरण तोंग सिनफू, चिनी नावाने तांग शियानहू. जन्म इंडोनेशियातल्या लांपुंगचा, १९४२ चा. चिनी वंशाचा म्हणून तिथे परका. १९६० मध्ये तो चीनला गेला आणि त्याच्या पिढीतला जगातला एक श्रेष्ठ खेळाडू ठरला. चीन तेव्हा जागतिक संघटनेत नव्हता म्हणून मोठी विजेतेपदं त्याच्या नावावर नाहीत. ऐंशीच्या दशकात तो प्रशिक्षक होऊन जन्मभूमीत परतला. अ‍ॅलन बुदिकुसुमासारखे खेळाडू त्याच्या हाताखाली तयार झाले. अ‍ॅलनने १९९२ ला बार्सिलोनात सुवर्ण जिंकलं. तोंगने इंडोनेशियाचं नागरिकत्व मागितलं. जिथे जन्मला, ज्याला ऑलिम्पिकचं सोनं घडवून दिलं, त्या देशाने ते दिलं नाही. १९९८ मध्ये तो कायमचा चीनला परतला. तिथे त्याच्या देखरेखीत जो मुलगा घडला त्याचं नाव लिन डॅन. २००८ चं सुवर्ण, २०१२ चं सुवर्ण. दत्तक नामंजूर केलं की काय होतं, हे भोसल्यांच्या नागपूरला जसं कळलं तसं जकार्तालाही कळलं असेल.

आपलंही तपासू. २००८ च्या डिसेंबरमध्ये केंद्र सरकारने ठरवलं की भारताचा पासपोर्ट असलेलाच भारताकडून खेळेल. टेनिसपटू विजय अमृतराज यांचा मुलगा प्रकाश अमेरिकेत जन्मला होता. तो भारताकडून डेव्हिस कप खेळलेला होता, त्याचाही रस्ता तिथे बंद झाला. आपला कायदा दुहेरी नागरिकत्व मानत नाही, त्यामुळे येणाऱ्याने मागचं सगळं सोडून यायचं. इझुमी अराता तसा आला. आई जपानी, वडील गुजराती. भारताकडून फुटबॉल खेळायला त्याने जपानचं नागरिकत्व सोडलं. त्याचं आपण कौतुक केलं, आणि जपानने त्याला गद्दार म्हटलं असेल का, असं कोणाच्या मनातही आलं नाही. प्रशिक्षकांच्या बाबतीत तर आपण जगभर हात पसरतो. २०१७ मध्ये श्रीकांत एकामागून एक स्पर्धा जिंकत होता तेव्हा इंडोनेशियाचे मुल्यो हंदोयो आपल्याकडे होते. सिंधूच्या २०१९ च्या विश्वविजेतेपदामागे कोरियाच्या किम जी-ह्युन होत्या, टोकियोच्या कांस्यपदकाच्या वेळी खुर्चीत कोरियाचे पार्क ते-सांग. सिंधू तेव्हा कोरियाच्या मुलीविरुद्ध खेळायची, तर पार्क यांनी कोणाच्या बाजूने असावं, असं आपल्याला वाटायचं? मग तेच उत्तर त्या पोरीलाही लागू करा.

मला सरकारकडून फार मोठं काही नको. ऑलिम्पिकसाठी पासपोर्ट लागतो, लागू दे. पण ज्या स्पर्धांना जागतिक संघटना वास्तव्य पुरेसं मानते, तिथे आपणही मानावं. इथे वर्षानुवर्षं राहणारी, इथल्या शाळेत शिकणारी परदेशी पासपोर्टची मुलं आहेत. मिहान या उद्योग प्रकल्पामुळे, दवाखान्यांमुळे, परत आलेल्या घरांमुळे नागपुरातही आहेत. त्यांना देशाच्या संघाचं दार दिसू तरी द्या. आपण घेणारे झालो की जाणाऱ्यांकडे बघण्याची नजर आपोआप निवळेल. आणि जाणाऱ्यांना थांबवायचं असेल तर मानकापूरला आणखी चार कोर्ट, दोन चांगले पूर्णवेळ प्रशिक्षक आणि मुलांना फुकट शटल द्या. गद्दार हा शब्द लिहायला काही खर्च येत नाही, म्हणून तो सुचतो.

परवा संध्याकाळी आजोबांकडे गेलो होतो. ऑकलंडहून व्हिडिओ कॉल आला. मुलगी शिबिरातलं सांगत होती, सकाळचा सराव, तिथली थंडी, एका मोठ्या मुलीबरोबर दुहेरीची जोडी लावून दिली ते. आजोबांनी मध्येच विचारलं, ‘‘तिकडं शटलले वाफ द्या लागते का?’’

‘‘नाही आबा, इथे हवा दमट असते. लागतच नाही.’’

आबांनी फोन माझ्या हातात दिला आणि आत गेले. परत आले ते एक जुना डबा घेऊन, कागदाचा, कडांना फुगलेला. झाकण काढून त्यांनी आतली तीन शटलं तळहातावर घेतली आणि स्क्रीनसमोर धरली.

‘‘हे पाय,’’ ते म्हणाले, ‘‘तू गेली तवाचे हायेत. एक पीस तडकलं नाही.’’